अर्धा ठोका आधी

तो जाऊन आता दोन वर्षं होत आली, तरी मी अजून त्याच्याशी भांडतो. आंघोळ करताना, मेथी निवडताना, गंगापूर रोडच्या सिग्नलला गाडी उभी असताना. ही सगळी भांडणं मीच जिंकतो, कारण त्याची उत्तरंही मलाच द्यावी लागतात आणि मी ती मुद्दाम कच्ची देतो. तो जिवंत होता तेव्हा एकही जिंकलो नव्हतो.

आम्ही त्याला इन्स्पेक्टर म्हणायचो. पोलिसातला नव्हे. ओझरला विमानांच्या कारखान्यात तयार झालेले सुटे भाग तपासायचं त्याचं काम होतं. भाग मापात बसला तर त्याच्यावर हिरवी खूण, नाही बसला तर लाल. सगळी नोकरी त्याने ह्यात काढली आणि मग त्याला दुसरं काही सुचेनासं झालं. शर्टाच्या खिशात कायम दोन पेन्सिली, एक लाल, एक हिरवी. पँटच्या खिशात जाडी मोजायचं व्हर्नियर. लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात त्याने बायकोच्या भाकरीची जाडी तीन ठिकाणी मोजली होती, हे तिनेच आम्हाला हसत सांगितलं होतं. पुढे पुढे ती हसायची बंद झाली.

आणि हा माणूस रॉक बँडचा लीडर होता. गिटार वाजवायचा, चाली बांधायचा, शब्दही त्याचेच. गाण्याला तो गाणं म्हणत नसे, ‘जॉब’ म्हणायचा. ‘जॉब नंबर पाचला दुसऱ्या कडव्यात थोडं घासावं लागेल.’ गिटारच्या तारा दुकानातून आणल्या की पहिल्यांदा व्हर्नियरला लावायचा. चहा समोर आला की तो निवेपर्यंत पीत नसे. गरम चहाची चव खोटी असते, असं त्याचं म्हणणं. कॉलेज रोडच्या एका टपरीवर वडापाव खाताना त्याने अर्धा वडा कागदावर ठेवला, खिशातून लाल पेन्सिल काढली आणि कागदावर फुली मारून टपरीवाल्याकडे सरकवला. टपरीवाला बघतच राहिला. त्या टपरीवर आम्हाला नंतर कधी जाता आलं नाही.

बँडमध्ये आम्ही चौघं. तो, गायक नाथा, मी ड्रम्सवर, आणि बेस वाजवणारा एक मित्र जो पुढे कॅनडाला गेला आणि तिथलाच झाला. नाथा मखमलाबादचा, भाजीपाल्याचा मळा असलेल्या घरातला. पहाटे जुड्या बांधून मार्केटला न्यायच्या, दुपारी झोपायचं आणि संध्याकाळी आमच्याकडे येऊन गायचं. गळा खरखरीत, पण असा की पहिल्या ओळीला माणूस हातातलं काम ठेवील. मी एका शाळेच्या ऑफिसात क्लार्क होतो. म्हणजे दिवसभर दाखले लिहायचे आणि संध्याकाळी बडवायचं.

आमची एकच कॅसेट निघाली. आठ गाणी. पंचवटीत एक स्टुडिओ होता, तिथे मुख्यतः आरत्या आणि भजनं रेकॉर्ड व्हायची. चपला बाहेर काढून आत जावं लागे, म्हणून ती सगळी कॅसेट आम्ही अनवाणी वाजवलेली आहे. आज ती कॅसेट ऐकून मोठी झालेली माणसं भेटतात. मनमाडच्या स्टेशनात, सटाण्याच्या एका लग्नात, एकदा तर दातांच्या डॉक्टरकडे. भेटली की सगळी तिसऱ्या गाण्याबद्दल बोलतात.

तिसरं गाणं मनमाडला गाडी बदलणाऱ्या माणसाचं होतं. दुसऱ्या कडव्यानंतर सगळं थांबतं. चार ठोके पूर्ण शांतता. मग पाचव्याला ड्रम्स येऊन आदळतात आणि गाणं पुन्हा धावायला लागतं. असं ठरलं होतं. मी घाबरलो होतो. शांततेत चार मोजायचे म्हणजे काय, हे ज्याला माहीत नाही त्याला सांगून कळणार नाही. मी अर्धा ठोका आधी आलो. बाकीचे दचकले, मग माझ्या मागे धावले. गाणं संपल्यावर इन्स्पेक्टर म्हणाला, ‘रिजेक्ट. परत घ्यायचं.’ पण दारात एक आरती मंडळ पेटी-तबला घेऊन खोळंबलं होतं आणि स्टुडिओवाल्याने आमचा वेळ संपल्याचं हात जोडून सांगितलं. ते तसंच राहिलं.

आणि लोकांना आवडलं ते नेमकं तेच. कार्यक्रमात त्या जागेवर आख्खं पब्लिक अर्धा ठोका आधी टाळी मारायचं. कॉलेजातली पोरं बाकांवर ती जागा वाजवायची. मी ते मुद्दाम केलं असं सगळ्यांना वाटायचं आणि मी वाटू दिलं. इन्स्पेक्टरला मात्र कुणी त्या जागेचं कौतुक केलं की त्याचा चेहरा कडू व्हायचा. तो मला म्हणायचा, ‘तुझा तो अर्धा.’ पुढे काही नाही, एवढंच. कार्यक्रम संपला की, भेटलो की, फोन केला की. माझ्या लग्नात स्टेजवर आला, पाकीट दिलं आणि वाकून कानात म्हणाला, ‘आता तरी चार मोजायला शीक.’ बायकोने विचारलं काय म्हणाले. मी म्हटलं, आशीर्वाद दिला.

त्याच्या स्वतःच्या कॅसेटच्या आतल्या कार्डावर त्याने आठही गाण्यांपुढे खुणा केल्या होत्या. सात हिरव्या, एक लाल. ते कार्ड घरातल्या काचेच्या कपाटात, दिसेल असं ठेवलेलं. मी त्याच्याकडे गेलो की समोर तेच.

तो रिटायर झाला तेव्हा कॅसेट काढणारी कंपनी कधीच बंद पडली होती. मूळ टेपला बुरशी लागली होती, जे राहिलं त्याच्यावर हक्क कुणाचा हे कुणालाच सांगता येईना. इंटरनेटवर कुणीतरी घरच्या कॅसेटवरून चढवलेलं होतं, पत्र्यावर पाऊस पडावा तसा आवाज. एका ओळखीच्या वकिलाने सांगितलं, गाणी तुमची आहेत, ते रेकॉर्डिंग तुमचं नाही. पुन्हा वाजवा, ते तुमचं होईल. इन्स्पेक्टरला एवढंच हवं होतं. त्याने सिडकोतल्या त्याच्या रो-हाउसची खालची गाडी लावायची जागा बंद करून घेतली, भिंतींना जुन्या गोधड्या ठोकल्या, कॉम्प्युटर आणला आणि आम्हाला बोलावलं. ‘पहिला माल घाईत गेला,’ म्हणाला. ‘आता मापात करू.’

मी हे कबूल करतो की मला आनंद झाला होता. नाथा तर लहान पोर झाला. आता त्याचा गळा पूर्वीचा नव्हता, खाली उतरला होता, पण त्याला एक वजन आलं होतं. पहिल्या दिवशी तो मेथीच्या दोन जुड्या घेऊन आला आणि म्हणाला, ‘मार्केटात कोणाला पटत नाय रे, मी गाणारा व्हतो ते. आता नातीला दाखवीन.’

मी चार महिने तयारी केली. रोज शाळेतून आलो की मांडीवर चार मोजायचे, पाचव्याला थाप. चार मोजायचे, पाचव्याला थाप. बायको म्हणाली, डॉक्टरला दाखवा. माझ्या मनात एकच होतं, ती लाल खूण पुसायची. साठीला आलेल्या माणसाने असल्या गोष्टीसाठी जीव टाकावा हे हसण्यासारखं आहे, पण मी टाकला.

तिसऱ्या गाण्याचे आम्ही सतरा टेक घेतले. सोळा वेळा तो कानावरचे हेडफोन न काढता नुसता मान हलवायचा, नाही. सतराव्यांदा मी बरोबर पाचव्यावर आलो, स्वच्छ, केसाचाही फरक नाही. मलाच कळलं. त्याने हेडफोन काढले, खिशातून पेन्सिल काढली आणि गोधडीशेजारच्या मोकळ्या भिंतीवर हिरवी टिक केली. ‘ओके,’ म्हणाला. तीस वर्षांत पहिल्यांदा. मी शौचालयात जाऊन रडलो आणि तोंड धुऊन बाहेर आलो. घरी जाताना पेढे घेतले. बायकोने विचारलं कशाचे, तर मला सांगता येईना.

पुढचं सगळं त्याने एकट्याने केलं, पाच-सहा महिने. मग एका रविवारी सकाळी नाथाला आणि मला ऐकायला बोलावलं. समोर टेबलावर छापलेला कागद होता. आठही गाणी बाहेर काढायला आमची हरकत नाही असा मजकूर, खाली चौघांची नावं आणि नावापुढे काम. चौघांच्याही सह्या झाल्याशिवाय माल बाहेर जाणार नाही, हा त्याचा नियम. कॅनडावाल्याने बेस तिथूनच वाजवून पाठवला होता, तशीच सहीही. माझ्या नावापुढे लिहिलं होतं, ड्रम्स.

पहिली दोन गाणी मी नुसतीच ऐकली. छान होती, फार छान. नाथाचा आवाज ऐकून तर अंगावर काटा आला. मग तिसरं आलं. दुसरं कडवं संपलं, शांतता झाली, मी मनात मोजायला लागलो, आणि चार पुरे व्हायच्या आत ड्रम्स आले. अर्धा ठोका आधी.

नाथाने आनंदाने टाळी मारली. ‘आला! अर्धा आला!’

मी म्हटलं, ‘हे मी वाजवलेलं नाही.’

इन्स्पेक्टरने गाणं थांबवलं. ‘नाही,’ तो म्हणाला. खोटं तो कधी बोलला नाही, हे मला मान्यच करावं लागेल. ‘कॉम्प्युटरवर केलंय.’

‘फक्त ही जागा?’

‘आठही जॉब. तुझं पाच-सहा ठिकाणी हललेलं होतं. एका जॉबला दोन मापं चालत नाहीत.’

‘आणि सतरा टेक? ती टिक?’

‘टिक बरोबर आहे. तू बरोबर आला होतास. पण ऐकल्यावर लक्षात आलं, लोकांना ते बरोबर नको आहे. जुन्या कॅसेटवरून मोजलं मी. तू नेमका अर्ध्यावर नव्हतास, अर्ध्याच्या किंचित पुढे होतास. ते माप धरून बसवलं.’

मी म्हटलं, ‘मग मला सांगायचं ना. मी चुकवून दिलं असतं.’

त्याने थोडा विचार केला. मला दुखवावं असं त्याच्या चेहऱ्यावर काही नव्हतं, आणि तेच मला आजतागायत सहन होत नाही. तो म्हणाला, ‘तुला आता ती चूक नीट जमली नसती.’

मी उठलो. माझी चूक ठेवली होती आणि मला काढलं होतं. नाथा मध्ये पडला, ‘अरे मंग काय झालं? आवाज झ्याक हाय ना? कोण बघतंय कोणी वाजवलं ते?’ मी त्यालाही काहीतरी बोललो, जे इथे लिहिणार नाही. सही केली नाही.

इन्स्पेक्टर त्यानंतर तीनदा माझ्या घरी आला. तिन्ही वेळा तोच कागद, पारदर्शक पिशवीत घातलेला, चुरगळू नये म्हणून. बसायचा, चहा निवेपर्यंत थांबायचा, प्यायचा, कागद पुढे करायचा. विनवणी नाही की माफी नाही. मी एकदा म्हटलं, ‘माझ्या नावापुढचं ड्रम्स काढ आणि कॉम्प्युटर लिही, लगेच सही करतो.’ तो म्हणाला, ‘ते बरोबर होणार नाही. ठोका तुझाच आहे.’ मी म्हटलं, ‘मग हात पण माझाच घे.’ तो म्हणाला, ‘हात मापात नाही.’ हे असं. त्याच्या डोक्यात ह्यात काही विसंगत नव्हतं. वस्तूवर बनवणाऱ्याचा शिक्का असतो, पण वस्तू मापाची लागते. मधला माणूस त्याला कधी दिसलाच नाही. भाकरीमागची बायकोही त्याला दिसली नसणार.

मग नाथा आला. मळ्यातून थेट, पायाला माती. खुर्ची दिली तरी दारातच टेकला.

‘एक सही तर हाय,’ तो म्हणाला.

मी म्हटलं, ‘नाथा, तुझा गळा काढून मशीनचा टाकला असता तर? केली असतीस सही?’

त्याने खरंच विचार केला. नाथा विचार करायचा तेव्हा मनगट खाजवायचा. ‘केली असती,’ म्हणाला. ‘गाणं तर गेलं असतं ना लोकांपर्यंत. मला लय वाईट वाटलं असतं, पण केली असती.’

मी त्याला सांगितलं, तुला कळत नाही. पाहिजे तर लिहून ठेवा, हेच शब्द होते. तो उठला, आणलेली कोथिंबीर माझ्या बायकोच्या हातात दिली आणि गेला. पाच आठवड्यांनी मार्केटमध्ये क्रेट उतरवताना छातीत कळ येऊन तो गेला. जुन्या कॅसेटमधला कोवळा आवाज तेवढा लोकांकडे राहिला. शेवटचा, वजन आलेला आवाज सिडकोतल्या एका कॉम्प्युटरमध्ये बंद होता, आणि त्याला कुलूप माझं होतं.

अमरधाममध्ये, नाथाच्या चितेसमोर, इन्स्पेक्टर माझ्या शेजारी येऊन उभा राहिला. मला वाटलं, आता हा माझ्या खांद्यावर हात ठेवील, आणि ठेवला असता तर मी तिथेच सही केली असती. तो म्हणाला, ‘नाथाचे आठही जॉब पहिल्या टेकला ओके होते.’ मी तोंड फिरवलं. आता वाटतं की त्याच्या भाषेत तो रडत असावा. पण त्याची भाषा शिकायचा मक्ता काय मीच घेतला होता? कधीतरी त्याने आमची शिकायची होती. तेव्हा हे वाटलं आणि अजूनही तेच वाटतं.

त्यानंतर तो आला नाही. दीड वर्षाने तोही गेला, दुपारी जेवून आडवा झाला तो उठलाच नाही. दहाव्याला त्याच्या मुलीने मला एक पाकीट दिलं. आत एक पेन ड्राइव्ह आणि पिशवीतला तोच कागद. दोन मेलेल्यांच्या सह्या, एक कॅनडाची, आणि एक रिकामी जागा. तिने काही मागितलं नाही. ‘बाबांनी लिहून ठेवलं होतं, तुम्हाला द्यायचं,’ एवढंच म्हणाली. मी पाकीट कपाटात टाकलं.

गेल्या महिन्यात नाथाच्या बायकोचा फोन आला. तिला मी वहिनी म्हणतो. ‘भाऊजी, तुमच्याकडं ह्यांचं ते नवीन हाय ना? मला ऐकायचंय.’

मी म्हटलं, ‘जुनं आहे ना वहिनी तुमच्याकडे.’

‘त्या कॅसेटीतला मला वळखू येत नाय ओ. ते पोरगं हाय. माझं लग्न व्हायच्या आधीचं. मी ज्याच्यासंगं राह्यले त्याचा आवाज मला कुठंच घावत नाय.’

मी मखमलाबादला गेलो. छोटा स्पीकर नेला होता. ओट्यावर बसलो, समोर फ्लॉवरचे वाफे, पलीकडे नवीन बिल्डिंगांचे सांगाडे. तिने सांगितलं, ते गाडीचं लावा. मी तिसरं लावलं.

नाथा गायला लागला आणि तिने पदर तोंडाला लावला. रडली नाही. मान हलवत होती, हो, हाच, हाच. दुसरं कडवं संपलं. शांतता आली. त्या शांततेत नाथाचा श्वास ऐकू आला, पुढची ओळ घ्यायच्या आधीचा, घशातून जरा शिट्टी वाजणारा. सिडकोत त्या रविवारी मी मोजण्यात होतो, मला तो ऐकूच आला नव्हता. इन्स्पेक्टरने सगळं घासूनपुसून घेतलं होतं, आणि तो श्वास मात्र ठेवला होता.

मग ड्रम्स आले.

वहिनी हसली. तोंडावरचा पदर बाजूला करून माझ्याकडे बघत म्हणाली, ‘हा तुमचा ना, भाऊजी? हे लय सांगायचे, बाकीचे मोजीत बसायचे आन तुम्ही मधीच घुसायचे. अजून तस्संच वाजवता.’

ज्या एका गोष्टीसाठी मी नाथाला दारातून परत पाठवला, ती गोष्ट तिला सांगायची ही वेळ होती.

‘हो,’ मी म्हटलं. ‘माझाच.’

‘परत लावा ना तेवढं.’

मी परत लावलं. कडवं संपलं, नाथाने श्वास घेतला. निदान हे खोटं तरी खरं करावं म्हणून मी मांडीवर हात उचलला, त्या ठोक्याबरोबर थाप मारायला. ड्रम्स येऊन गेले. माझा हात त्यांच्यामागून, अगदी बरोबर पाचव्यावर, पडला.